अटलांटिस राहू द्या, शिवसागराखाली काय आहे?

सडाफटिंग

मंडळी, गेल्या आठवड्यात बामणोलीहून बोटीनं शिवसागरातून, म्हणजे कोयना धरणाच्या पाण्यातून, वासोटा किल्ल्यावर गेलो होतो. बोटीत साताऱ्यातलीच सात-आठ कॉलेजची पोरं. त्यातल्या एकानं मोबाइलवर अटलांटिसचा व्हिडिओ लावलेला, आवाज इतका मोठा की इंजिनाच्या वर ऐकू यावा. बुडालेली सोन्याची नगरी, तिचं रहस्य वगैरे. तेवढ्यात नावाडीमामा हात दाखवून म्हणाले, "हितं खाली वस्ती हुती." पोरांनी दोन सेकंद पाण्याकडं बघितलं, एक जण "भारी!" म्हणाला आणि परत सगळे व्हिडिओत.

म्हणजे आम्ही कुणाच्या तरी खळ्यावरून चाललो होतो आणि बघत होतो अटलांटिस.

तेव्हापासून हे डोक्यात घोळतंय, म्हणून हा धागा. हरवलेल्या भूमी: पुराणातल्या, इतिहासातल्या, खऱ्याखुऱ्या बुडालेल्या, गाडल्या गेलेल्या. ज्याला जे ठाऊक असेल ते टंका.

सुरुवात मीच करतो, अटलांटिसपासूनच. ही गोष्ट पहिल्यांदा सांगितली प्लेटोनं, इ.स.पू. ३६० च्या आसपास, आपल्या दोन संवादांत. अथेन्सचा कायदेपंडित सोलोन याच्या ९००० वर्षं आधी, जिब्राल्टरच्या सामुद्रधुनीपलीकडं एक बलाढ्य बेट होतं, ते माजलं, अथेन्सवर चालून गेलं आणि एका दिवस-रात्रीत बुडालं. प्लेटोच्या आधीच्या कुठल्याही ग्रीक लिखाणात या बेटाचा मागमूस नाही. माजलेल्या राज्याचं काय होतं ते सांगायला रचलेली कथा, असं बहुतेक अभ्यासक धरतात. तरी २४०० वर्षं लोक नकाशे घेऊन फिरतायत.

दुसरी लेमुरिया. हिची जन्मकथा मला जास्त आवडते, कारण ती चक्क एका शास्त्रज्ञाची आहे. फिलिप स्क्लेटर हा इंग्रज प्राणिशास्त्रज्ञ. लेमर मादागास्करात भरपूर, त्यांचे भाऊबंद भारतात सापडतात, मधल्या अरबस्तानात मात्र कुणी नाही. मग ही जनावरं आली-गेली कशी? १८६४ मध्ये त्यानं मांडलं की मध्ये जमीन असणार, ती बुडाली असणार. तेव्हा खंड सरकतात हेच कुणाला माहीत नव्हतं, त्यामुळं तर्क वाईट नव्हता. १९१२ पासून जर्मन शास्त्रज्ञ वेगेनर खंड सरकतात म्हणून सांगू लागला, पुढं ते पटलं आणि लेमुरियाची गरज संपली. पण तोवर ती गूढविद्यावाल्यांनी उचलली होती, आणि तमिळनाडूत ती 'कुमारी कंडम'ला जाऊन चिकटली. समुद्रानं गिळलेल्या भूमीची आठवण जुन्या तमिळ काव्यांत आधीपासून होतीच.

तर प्रश्न असा: आपल्या सातारा-सांगलीत हरवलेली भूमी म्हणावी असं काय काय आहे? शिवसागर सोडून, किंवा शिवसागर धरून.

मळीतला गडी

वाखु (वाचनखूण) साठवली.

आमचं रान कृष्णाकाठी, सांगलीच्या वरच्या अंगाला. मळीची जमीन. नदीनं आणून टाकलेला काळा गाळ, वांगी काय येतात म्हणून सांगू. पण जी नदी देती तीच नेती. सातबाऱ्यावर चाळीस गुंठे, रानात टेप लावला तर चौतीस. सहा गुंठे कृष्णामाईच्या पोटात. २००५ ला काठ ढासळला, २०१९ ला वरचं बांधावरचं उंबराचं झाड गेलं. तलाठ्याला म्हटलं, अण्णासाहेब, हे सहा गुंठे पाण्यात आहेत. ते म्हणाले, कागदावर आहेत न्हवं, मग झालं तर.

म्हणजे आमचं अटलांटिस सहा गुंठ्यांचं. पलीकडच्या काठावरच्या भावबंदाची मळी तेवढीच वाढली, त्याच्याबद्दल तो गप.

बेटद्वारका

लेख छान. पण एक नम्र विनंती, अटलांटिसच्या पंगतीत द्वारकेला बसवू नका. कोणी बसवायच्या आतच सांगतो. महाभारताच्या मौसलपर्वात स्पष्ट वर्णन आहे: यादव निघाले आणि मागं समुद्र नगरीत शिरत गेला. १९८० च्या दशकात डॉ. एस. आर. राव आणि राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या पाण्यात उतरणाऱ्या संशोधकांनी द्वारका आणि बेट द्वारकेजवळ पाण्याखाली बांधकामाचे दगड, तीन भोकांचे दगडी नांगर शोधले. हे काही कुणा प्लेटोच्या डोक्यातून आलेलं नाही. आपलं असलं की मिथक आणि ग्रीकांचं असलं की संशोधन, हे किती दिवस?

काळा कातळ

@बेटद्वारका, ग्रीकांच्याला तर वर धागाकर्त्यानं सरळ रचलेली कथा म्हटलंय, तेव्हा रागाचं कारण नाही. :)

दगडी नांगर खरेच आहेत, भरपूर आहेत. त्यावरून तिथं जुनं, चांगलं चालतं बंदर होतं हे नक्की म्हणता येतं. वाद आहे तो काळाचा. दगडाचं वय काढता येत नाही, आणि तसले नांगर पार मध्ययुगापर्यंत वापरात होते. रावांनी लावलेला काळ नंतरच्या संशोधकांपैकी अनेकांनी मान्य केला नाही. मी द्वारका नव्हती म्हणत नाही. नांगर सापडला म्हणजे यादव सापडले असं होत नाही, इतकंच.

आणि समुद्रानं जमीन गिळणं ही कविकल्पना अजिबात नाही. सुमारे २०,००० वर्षांपूर्वी, शेवटच्या हिमयुगाच्या ऐन भरात, समुद्राची पातळी आजच्यापेक्षा १२० मीटरनं खाली होती. खंभातचं आखात कोरडं, मुंबईचा किनारा कितीतरी पश्चिमेला. बर्फ वितळत गेला तसं पाणी चढलं. इंग्लंड आणि डेन्मार्कच्या मध्ये आज जो उत्तर समुद्र आहे, तिथं पाणी चढेपर्यंत माणसं शिकार करत होती. १९३१ साली एका मासेमारी बोटीच्या जाळ्यात तळाचा गवताळ मातीचा गोळा आला, तो फोडला तर आत शिंगापासून केलेलं दातेरी भाल्याचं टोक. त्या बुडालेल्या मुलखाला आता डॉगरलँड म्हणतात. ८,००० हून अधिक वर्षांपूर्वी नॉर्वेजवळ समुद्रतळाची मोठी दरड कोसळून आलेल्या लाटेनं उरलासुरला भाग झोडपला. त्याचं पुराण कुणी लिहिलं नाही, एवढाच फरक.

जवळचं आणि तारखेसकट हवं असेल तर कच्छ. १६ जून १८१९ चा भूकंप. रणातला सिंद्रीचा किल्ला आणि भोवतालची जमीन खचली, समुद्राचं पाणी आत शिरलं, तिथले लोक बुरुजावर चढून वाचले. आणि उत्तरेला जमिनीचा लांबच लांब बांध वर उचलला गेला. माणसानं न बांधलेला, म्हणून लोकांनी त्याला नाव दिलं अल्लाबंद. एकाच हिसक्यात एक भूमी गेली, दुसरी आली.

साताऱ्याबद्दल रात्री लिहितो. जेवायला हाक आलीय.

टवाळ पाटणकर

कंदी पेढे घेऊन बसलोय. चालू द्या.

माहेरचं चिपळूण

सासर कराड, माहेर चिपळूण, त्यामुळे मला दोन्हीकडून बोलायचा हक्क आहे.

आमच्याकडे गोष्ट नेमकी उलटी. परशुरामानं सगळी पृथ्वी दान केली, मग स्वतःला राहायला जागा उरेना, म्हणून सह्याद्रीवरून बाण मारून समुद्र मागे हटवला. म्हणजे कोकण ही हरवलेली नव्हे, काढून घेतलेली भूमी. लहानपणी परशुरामाच्या देवळात गेलं की आजोबा खाडीकडं बोट दाखवून "हे सगळं पाणी होतं" असं सांगायचे, जणू काही ते स्वतः बघायला हजर होते.

मोठी झाल्यावर वाचलं की त्यात अगदीच तथ्य नाही असं नाही. किनाऱ्यावर काही ठिकाणी शंखशिंपल्यांचा घट्ट जमून झालेला दगड आजच्या भरतीच्या रेषेच्या वर सापडतो, त्याला करल म्हणतात. म्हणजे समुद्र तिथून मागे गेलाय. पण मुंबईत उलटं. १८७० च्या दशकात प्रिन्सेस डॉक खोदताना चिखलाखाली जंगल सापडलं, खैराची झाडं, त्यातली कितीतरी उभीच्या उभी. तिथं समुद्र आत आलाय. त्यामुळे एकाच किनाऱ्यावर परशुरामही खरा आणि द्वारकाही. भांडू नका.

आता माझा मुद्दा. कोयना उगवते महाबळेश्वराला, दक्षिणेला धावते, हेळवाकला वळून पूर्वेला जाते आणि कराडला प्रीतिसंगमावर कृष्णेला मिळते. तिथून पुढं बंगालचा उपसागर. धरण झाल्यावर तिचं बरंचसं पाणी डोंगराच्या पोटातून पश्चिमेला पोफळीकडं उतरवलं, वीज केली आणि वाशिष्ठीत सोडलं. म्हणजे ते आमच्या चिपळुणावरून अरबी समुद्रात जातं. परशुरामानं बाणानं समुद्र हटवला आणि सरकारनं बोगद्यानं नदी. सासरचं पाणी माहेरी जातंय म्हणून मी खूश असायचे, हे पाणी कुणाच्या घरावर साठवलंय ते लग्नानंतर कळलं. शेजारच्या काकू जावळीतल्या.

काळा कातळ

आलो. तर साताऱ्याखालची भूमी.

आपण उभे आहोत तो सगळा दगड लाव्हाचा. साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वी थरावर थर येत गेले. प्रश्न असा की त्याच्याखाली काय? याचं उत्तर कोयनेनं दिलं, आणि तेही भूकंपामुळं. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला पाणी साठायला लागलं, तेव्हापासून धक्के बसू लागले आणि ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे मोठा झाला, सहाच्या वर तीव्रतेचा. पावणेदोनशेच्या आसपास माणसं गेली. धरणाच्या पाण्यामुळं घडून येणाऱ्या भूकंपांचं जगात उदाहरण द्यायचं तर कोयनेचं देतात. पाणी आपल्या वजनानं दाबतं हे एक, पण भेगांमधून खोल झिरपून तिथला दाब वाढवतं हे जास्त महत्त्वाचं. मुळात ताणात असलेली भेग मग निसटते. धरण भूकंप 'निर्माण' करत नाही, तो आधी ठरलेलाच असतो, पाणी त्याला लवकर बोलावतं.

हे आतून बघता यावं म्हणून कोयना खोऱ्यात खोल भोकं पाडली. कराडजवळ हजारमाचीला त्यासाठी प्रयोगशाळा आहे. गोठण्याला जे ३ किलोमीटर खोल भोक घेतलं, त्यात साधारण सव्वा किलोमीटरपर्यंत बेसाल्ट, म्हणजे लाव्हाचा काळा दगड लागला. आणि मग थेट ग्रॅनाइटी खडक, अब्जावधी वर्षांचा. मध्ये गाळाचा थर जवळपास नाहीच.

जरा थांबून विचार करा. याचा अर्थ पहिला लाव्हा आला तेव्हा तो ग्रॅनाइट उघड्यावर होता. त्याच्यावर टेकड्या असतील, ओढे असतील, पाऊस पडत असेल. डायनासोरांचा काळ. तो अख्खा मुलूख जसाच्या तसा गाडला गेला. ते टेकाड कसं होतं, पाणी कुठं वाहत होतं, कुणीही कधी बघणार नाही. आपल्या पायाखाली सव्वा किलोमीटरवर.

आणि त्याचा पश्चिमेचा सोबती? सेशेल्स. तिथली मुख्य बेटं ग्रॅनाइटची आहेत. साधारण त्याच लाव्हाच्या काळात तो तुकडा भारताच्या पश्चिम अंगापासून तुटून गेला. २०१३ मध्ये मॉरिशसच्या वाळूत झिरकॉन या टिकाऊ खनिजाचे असे कण सापडले जे त्या बेटाच्या वयापेक्षा कितीतरी जुने होते. बेटाचा लाव्हा ९० लाख वर्षांचा, कण ६६ कोटी ते जवळपास दोन अब्ज वर्षांचे. म्हणजे बेटाच्या लाव्हाखाली जुन्या खंडाचा तुकडा आहे. त्याला मॉरिशिया म्हणतात. स्क्लेटरची लेमुरिया नव्हती, पण हिंदी महासागराखाली बुडालेला खंडाचा तुकडा मात्र निघाला. बिचारा चुकीच्या कारणानं थोडासा बरोबर ठरला.

टवाळ पाटणकर

म्हणजे आमचा प्लॉट तीन मजली आहे. बिल्डरला सांगू नका.

नवं गावठाण

बरेच दिवस नुसता वाचक होतो. या धाग्यावर लिहिल्याशिवाय राहवलं नाही.

आमचं गाव शिवसागरात आहे. नाव लिहीत नाही, आज्जीला आवडणार नाही. ती त्याला नावानं हाक मारतच नाही, 'खालचं गाव' म्हणते. आम्ही आता सांगली जिल्ह्यात. माझा जन्म, शाळा, सगळं इथलं. पण घरात दिशा अजून तिकडच्याच. आज्जीला मीठ कुठंय विचारलं तर "वरल्या अंगाला" म्हणते. आमचं घर सपाटीवर आहे, वरलं-खालचं अंग कुठलं? तिच्या डोक्यात अजून डोंगराचा उतार आहे.

कोयनेच्या वेळी पुनर्वसनाचा कायदाच नव्हता. तो पहिला १९७६ ला आला. शंभराच्या आसपास गावं उठली, आणि एका खोऱ्यातली माणसं ठाणे, रायगड, सोलापूर, सांगली अशी विखुरली, काही साताऱ्यातच वरच्या अंगाला सरकली. आज्जीचं माहेर दीड कोसावर होतं, ते गेलं ठाणे जिल्ह्यात. सकाळी जाऊन संध्याकाळी परत येण्यासारखं माहेर, ते पुढं दोन वर्षांतून एकदा झालं. तिच्या तोंडून धरणाबद्दल तक्रार मी ऐकली नाही, माहेराबद्दल मात्र रोज.

लोकांनी घरं मोडून लाकूड बरोबर आणलं. वासे, तुळया, चौकटी. आमच्या पत्र्याच्या घराला पुढची चौकट जुन्या घराची आहे, फणसाची. इतकी बुटकी की आता सगळे डोकं आपटतात. वडिलांनी बांधकामाच्या वेळी बदलायची म्हटली तर आज्जी दोन दिवस जेवली नाही. चौकट आहे तिथंच आहे, आम्ही वाकतो.

गावदेवी पण आणली. टाक आणले, पालखी आणली. पण शिवेवरचा म्हसोबा आणता येत नाही म्हणे. तो शिवेचा, शीव सोडून कसा येईल? तो तिथंच आहे. जत्रेत नारळ फोडताना म्हातारी माणसं आधी एक नारळ वायव्येकडं तोंड करून फोडतात. मला वाटायचं काहीतरी शास्त्र असेल. परवा गूगलवर नकाशा लावून बघितलं. कोयना आमच्यापासून बरोबर वायव्येला.

जमीन मिळाली, पण बरड. पाणी नंतर आलं. भोगवटादार वर्ग २ चा (परवानगीशिवाय जमीन विकता येत नाही, तो) शिक्का सातबाऱ्यावरून काढायला वडील किती वर्षं फिरले ते लिहीत बसलो तर धागा भरकटेल.

प्रगतिपुस्तक

भावना समजतात, पण कोयना नसती तर महाराष्ट्रात कारखाने कशावर चालले असते? प्रत्येक धरणाखाली गाव असतंच. त्याला अटलांटिस म्हणून रडत बसणं हा शहरी छंद आहे. धागाकर्ता स्वतः बोटीनं फिरायलाच गेला होता ना?

सडाफटिंग

हो, फिरायलाच गेलो होतो आणि हा धागा ज्या विजेवर टंकतोय तीही धरणाचीच असेल. धरण नको होतं असं वर कुणीच म्हटलेलं नाही, परत वाचा.

@नवं गावठाण, वायव्येचं वाचून मी उठून गच्चीत जाऊन आलो.

नवं गावठाण

@प्रगतिपुस्तक, दादा, आम्ही रडत नाही. आमच्या घरात रडायचं खातं आज्जीकडं होतं आणि तीही रडत नाही, फक्त चौकट बदलू देत नाही. लाइट आमच्या नव्या गावात आली ती मात्र तुमच्या कारखान्यांच्या बऱ्याच नंतर, एवढी नोंद असू द्या.

मळीतला गडी

सहा गुंठ्याचं माझं रडगाणं मागं घेतो.

पण एक विचारतो. उन्हाळ्यात पाणी उतरल्यावर खालचं दिसतं का हो?

नवं गावठाण

दिसतं थोडं, पाणी फारच खाली गेलं तर. जोती, विहिरीचं कडं, बांधाच्या ओळी. काठावर राहिलेले लोक त्या उघड्या पडलेल्या गाळपेर जमिनीत काहीबाही पेरतात सुद्धा. चुलते एकदा जाऊन आले होते. म्हणाले, बांध वळखले, पण घर सापडलं नाही. घराचं लाकूड तर आपणच काढून आणलेलं, मग उरणार काय, मातीच्या भिंती गाळात गेल्या.

काळा कातळ

जावळीच्या खोऱ्याचा केवढा इतिहास त्या पाण्याखाली आहे. १६५६ ला महाराजांनी मोऱ्यांकडून जावळी घेतली ती निबिड अरण्यासाठी आणि घाटवाटांसाठी. त्या वाटांचे खालचे टप्पे आता फक्त जुन्या नकाशात. प्रतापगड, वासोटा वर उरले म्हणून आपण बघतो. गड दिसतात, गडाला भाकरी पुरवणारी गावं दिसत नाहीत.

सडाफटिंग

कातळराव, एक भर मी घालतो, माझ्या आयडीला जागून. तुम्ही पायाखालची हरवलेली भूमी सांगितलीत, एक डोक्यावरची पण आहे. कासचा सडा (म्हणजे कातळाचं पठार), पाचगणीचं टेबललँड, असे कितीतरी माथे बाराशे-तेराशे मीटरच्या सुमारास सपाट, आणि सगळ्यांवर जांभ्याचं टोपरं. असा जाड जांभा उतारावर तयार होत नाही, सपाटीवर, भरपूर पावसात, फार सावकाश तयार होतो. म्हणजे कधीकाळी हे माथे एकच सलग मैदान होते आणि मधल्या दऱ्या नव्हत्याच. नद्यांनी ते मैदान कापून खाल्लं. आपण सप्टेंबरात सोनकी आणि तेरड्याचे फोटो काढतो ते त्या मैदानाच्या उरलेल्या कपच्यांवर. बाकीचं मैदान कुठं गेलं? @मळीतला गडी, थोडं तुमच्या मळीत.

मळीतला गडी

आयला. म्हणजे वांग्याला कासची माती!

मग माझे सहा गुंठे पण पुढं कुणाच्या तरी मळीत गेले असणार. विजापूरकडं कुणी पाहुणा असेल तर विचारून ठेवा.

माहेरचं चिपळूण

शेजारच्या काकूंना हा धागा वाचून दाखवला. त्यांनी फक्त एकच विचारलं, "त्या सांगलीच्या पोराचं गाव कुठलं?" मी म्हटलं, लिहिलं नाही त्यानं. मग त्या म्हणाल्या, फणसाची चौकट म्हणजे अमुक वाडीची असणार, तिथं फणस लय. @नवं गावठाण, व्यनि (खासगी निरोप) केलाय, बघा जुळतंय का.

नवं गावठाण

व्यनि बघितला. जुळतंय.

आज्जीला काकूंचं सासरचं आडनाव सांगितलं तर म्हणाली, "तिची सासू माझ्या लग्नात करवली हुती." आता फोन लावून द्या म्हणून मागं लागली आहे. ताई, रविवारी सकाळी नऊला चालेल का? आज्जीला ऐकायला कमी येतं, काकूंना मोठ्यांदा बोलायला सांगा.

माहेरचं चिपळूण

चालेल. काकूंचा आवाज कराडात प्रसिद्ध आहे.

सडाफटिंग

मेअखेरीला पाणी खाली असताना एक दिवस बामणोलीला जाऊ या का? वासोटा नको, नुसतं काठाकाठानं. येणाऱ्यांनी इथं हात वर करा. तेच नावाडीमामा मिळतात का बघतो.

मळीतला गडी

✋ वांग्याचं भरीत आणि भाकरी माझ्याकडं.

नवं गावठाण

मी आणि चुलते. आज्जीला विचारलं, ती येत नाही म्हणाली. एक नारळ मात्र देणार आहे, म्हसोबाचा.

टवाळ पाटणकर

पेढे आणतो. आणि @प्रगतिपुस्तक, तुम्ही पण या की. बोटीचं डिझेल वाटून घेऊ.